‘ढेकर’वाली अक्का

“चपला भाईर, आन लाज बी भाईर.”

तिच्या खोलीच्या उंबऱ्याशी कुणी वाकून चपला काढायला लागलं, की आतून हे वाक्य यायचं. आत गेलं की ती खेळायचा रिमोट ओढणीच्या टोकानं पुसून आपल्या हातात द्यायची आणि सतरंजीवर सरकून जागा करायची. मग पुढचा अर्धा तास भलीभली माणसं टीव्हीसमोर मांडी घालून एकमेकांवर पादत असत. टीव्हीतल्या बाहुल्यांकरवी, हे आधीच सांगतो, नाहीतर तुमचा गैरसमज व्हायचा.

अशी माणसं तुम्हीही पाहिली असतील. दिवसभर मान खाली घालून काम करणारी, विचारल्याशिवाय न बोलणारी, आणि एका खोलीत, एका जागी मात्र राजा असणारी. बिदरच्या कोळार भागात एका गोदामात आम्ही दोघं कामाला होतो. मी माल रवाना करणाऱ्या विभागाचा सुपरवायझर, ती कॉम्प्युटरवर आल्या-गेल्या मालाची नोंद करायची. वय तिशीच्या आतलं, पण गोदामात सगळे तिला अक्का म्हणत, पन्नाशीचे हमालसुद्धा. मीही म्हणायचो. ती मला अण्णा म्हणायची. आम्ही एकमेकांना कायम ‘तुमी’ म्हणत आलो, आणि त्या ‘तुमी’तच एकमेकांच्या पोटाविषयी जे बोललो ते इथं लिहिण्यासारखं नाही.

तिचं नाव लिहीत नाही. “नाव लिवलाव तर तुमाला गेममधी टाकीन, आन पयल्यांदा उडवीन,” असं तिनं बजावलंय, आणि ती बोलते ते करते.

तिनं पॉलिटेक्निकमध्ये कॉम्प्युटरचा डिप्लोमा केला होता. बाकीचं मोबाईलवर व्हिडिओ बघून शिकली. रविवारी आणि कामावरून आल्यावर रात्री उशिरापर्यंत बसून तिनं एकटीनं एक व्हिडिओ गेम बनवला. नाव ‘ढेकर’. लग्नाची पंगत बसलीय. चार खेळाडू म्हणजे चार जेवणारी माणसं, एका रांगेत. पानात गव्हाची गोड हुग्गी, भात, आमटी पडत राहते. खाल्लं की पोट फुगतं. पोट फुगलं की ढेकर द्यायचा किंवा वारा सोडायचा आणि त्या जोरावर शेजाऱ्याला पानासकट मांडवाबाहेर उडवायचं. शेवटी वाढपी बुंदीची बादली घेऊन येतो, तोवर जो बसून राहिला तो जिंकला. पंगतीच्या टोकाला एक आजी बसलेली असते. ती कुणाच्या बाजूची नसते, सगळ्यांना सारखीच नावं ठेवते.

आवाज सगळे आमच्या गोदामातले. खोक्यांना लावायची ती खाकी चिकटपट्टी असते ना, ती फर्रकन ओढली की होणारा आवाज म्हणजे पादणं. ढकलगाडीच्या तेल न घातलेल्या चाकाची कुरकुर म्हणजे पोटातली गुडगुड. मोठा वारा सुटायच्या आधी मालाचा ट्रक मागं घेताना वाजते ती पीं-पीं वाजायची, म्हणजे बाकीच्यांनी जीव वाचवायचा. हे आवाज ती जेवणाच्या सुट्टीत मोबाईल धरून गोळा करायची. गेम सगळ्यांनी खेळून झाल्यावर महिनाभर गोदामात कुणालाही खोकं गंभीर चेहऱ्यानं बांधता येईना.

तिच्या खोलीत टीव्हीच्या बरोबर वर बुद्धाची तसबीर होती. पहिल्यांदा गेलो तेव्हा मी जरा संकोचलो. म्हटलं, “अक्का, वर हे, आन खाली असले आवाज?”

ती तसबिरीकडं बघून म्हणाली, “हसायलेतच की. बगा नीट.”

आणि टीव्हीच्या एका बाजूला पुठ्ठ्यावर स्केचपेननं तीन ओळी लिहून चिकटवलेल्या होत्या. ‘आई-बहीण न्हाई. जात न्हाई. व्यंग न्हाई.’ गेममधल्या शिव्यांचे हे नियम. मी म्हटलं, एवढं वगळल्यावर शिवी द्यायला शिल्लक काय राहतं?

“पोट,” ती म्हणाली. “पोट सगळ्यास्नी हाय, आन आतला वास सगळ्यांचा सारखा.”

असली वाक्यं ती वरण-भात मागावा तशी बोलायची. एकदा मी विचारलं, गेमला पंगतच कामून? शर्यत चालली असती, कुस्ती चालली असती. रिमोटच्या वायरीचा गुंता सोडवत ती म्हणाली, “आमच्या आज्ज्याला पंगतीत बसू देत नव्हते. समदे उठले की मांडवाभाईर वाडायचे. मला एक अशी पंगत पायजे हुती जितं चौगं एका रांगेत बसतेत, आन जो तो आपल्या पोटाच्या जोरावर ऱ्हातो न्हाईतर उडतो.” गुंता सुटला, आणि तिनं मला सलग तीन डाव हरवलं. जिंकण्यासाठी ती कोपरानं ढोसायची, हेही नोंदवून ठेवतो. माणूस मोठं आहे म्हणून खेळात प्रामाणिक असेलच असं नाही.

गेममध्ये एकच गोष्ट लंगडी होती. आजी. आजीला आवाज तिनं स्वतःचा दिला होता, आणि अक्काला गेम बनवता यायचा पण शिवी देता यायची नाही. शाळेत बक्षीस समारंभाला पाहुण्यांची ओळख करून द्यावी तशी ती शिवी द्यायची. त्याच सुमारास बेंगळुरूला लहान लहान गेम बनवणाऱ्यांचं एक प्रदर्शन होतं. तिनं अर्ज केला होता, आणि तिची निवड झाली. गोदामात मी स्वतः पेढे वाटले. बिदरच्या गोदामातली बाई, तिचा पादण्याचा गेम, आणि बेंगळुरूचे लोक तो बघणार. माझी छाती तिच्यापेक्षा जास्त फुगली होती. तीन आठवड्यांत शेवटचा पक्का गेम पाठवायचा होता, आणि आजी तेवढी राहिली होती.

“अक्का, आवाज मी आणतो,” मी म्हटलं. “आमच्या खजुरीत काकी हाय माजी.”

माझी काकी म्हणजे धाकटी चुलती. साठीच्या पुढची. आळंद तालुक्यात कुठल्याही लग्नात विहिणीला गाण्यातून चिडवायचं असलं की आमच्या काकीला पुढं बसवतात. तिच्या जिभेला बैलाइतकं काम असतं आणि ती कधी थकत नाही. मी रविवारी खजुरीला गेलो, काकीला तूर निवडायला बसवलं, मोबाईल समोर ठेवला आणि म्हटलं, काकी, बोल. तिनं तासाभरात चाळीस शिव्या दिल्या. मी सोमवारी अक्काला त्या पाठवल्या. तिनं विचारलं, “समद्या ऐकलाव का? तीन नेम पाळलेत न्हवं?”

“ऐकलो की,” मी म्हटलं. “एकदम स्वच्छ हायत.”

मी खोटं बोललो नव्हतो. मी खरंच ऐकल्या होत्या. तिनं माझ्यावर भरवसा ठेवून चाळीसच्या चाळीस गेममध्ये टाकल्या.

बुधवारी जेवणाच्या सुट्टीत गोदामात नव्या आजीसकट पहिला खेळ झाला. ऑफिसातला टीव्ही आणून खोक्यांवर ठेवला. चार रिमोट, भोवती वीस-पंचवीस माणसं. खेळणाऱ्यांत आमचे एक जुने हमाल होते, सगळे त्यांना मामा म्हणत. अक्काच्याच समाजातले, कमी बोलणारे, पण रिमोट हातात आला की बघत राहावं असा माणूस. त्यांनी दोघांना उडवलं होतं. काकीची आजी सुसाट सुटली होती. माणसं खोक्यांवर हात आपटून हसत होती.

आणि काकीच्या तोंडून ती म्हण आली.

म्हण मी इथं लिहिणार नाही. तुम्हाला ती ठाऊक असेल, नसेल तर बरंच आहे. खादाड माणसाला हिणवायची म्हण, आणि तिच्यात मामांच्या, अक्काच्या जातीचं जुनं नाव आहे, जे त्यांच्या वाडवडिलांनी धर्म बदलताना मागं टाकलं होतं. आमच्या घरात ती रोजची. माझ्या ताटात जास्त भाकरी दिसली की काकी तीच म्हणायची. म्हणून तर मोबाईलवर ऐकताना मला ती ऐकूच आली नव्हती. त्या दिवशी गोदामातही मी आधी हसलो, हे लिहायला अजून जड जातं. हसून झाल्यावर माझ्या लक्षात आलं की निम्मी माणसं हसत नाहीयेत.

मामांनी रिमोट खाली ठेवला. चपला घातल्या आणि गेले. डाव अजून चालू होता, आणि पंगतीत त्यांचाच माणूस सगळ्यांत भक्कम बसलेला होता.

अक्कानं टीव्ही बंद केला. “सुट्टी संपली,” एवढंच म्हणाली.

संध्याकाळी मी तिच्या टेबलाशी जाऊन उभा राहिलो. म्हटलं, “अक्का, चुकलं माझं.”

“व्हय,” ती म्हणाली. “चुकलं.”

मी थांबलो होतो. पुढं ती काहीतरी म्हणेल, जाऊ द्या म्हणेल, तुमचा हेतू तसा नव्हता म्हणेल, अशी माझी अपेक्षा होती. ती नोंदी करत राहिली. तिनं मला मोकळं केलं नाही, आणि आज मागं वळून बघताना त्याचाच मला सगळ्यांत जास्त आदर वाटतो. दुसऱ्या दिवशी कळलं की तिनं एक म्हण नव्हे, काकीचा सगळा आवाजच गेममधून काढून टाकलाय. आजी मुकी झाली होती. पाठवायला दहा दिवस उरले होते, आणि मुक्या आजीचा गेम मिठाशिवायच्या आमटीसारखा लागत होता. ज्यांनी आधी पाहिला होता ते सगळे तेच म्हणत होते.

शुक्रवारी ती माझ्यापाशी आली. “तुमच्या काकीकडं न्या मला. रविवारी.”

मी टाळाटाळ केली. काकीचा स्वभाव तापट आहे, गाव लांब आहे, हुमनाबादला बस बदला, कलबुर्गीला बदला, आळंदला बदला. खरं कारण मला भीती वाटत होती. काकी काही बोलली तर माझं तोंड कुठं लपवू?

“तुमच्या तोंडाचं नंतर बगू,” ती म्हणाली. “मला आजी पायजे.”

रविवारी दुपारी आम्ही खजुरीत पोचलो. काकी ओसरीवर होती. अक्कानं नमस्कार केला, पिशवीतून डबा काढावा तसे चार रिमोट काढले आणि घरच्या टीव्हीला गेम जोडला. काकी, मी, अक्का, आणि चौथी काकीची सून. सून डोक्यावर पदर घेऊन बसली आणि सासूला उडवायला तिचा हात धजेना. “खेळात सासू नसते, उडव,” असं अक्कानं दोनदा सांगितल्यावर तिनं डोळे मिटून बटण दाबलं. काकी पानासकट मांडवाबाहेर गेली. सुनेनं जीभ चावली. काकी मात्र पोट धरून हसत होती. “बारा वर्सं झाली लग्नाला,” ती म्हणाली, “आज पयल्यांदा मनातलं केलीस बग.”

पाच-सहा डाव झाल्यावर अक्कानं रिमोट बाजूला ठेवला. मोबाईलवर ती म्हण लावली. काकीनं स्वतःचा आवाज ऐकला.

“हे माजंच हाय,” काकी म्हणाली. “मग?”

“काकी, त्यात आमचं नाव हाय,” अक्का म्हणाली.

काकीला कळायला थोडा वेळ लागला. मग तिचा चेहरा बदलला. राग आला होता, आणि कुणावर काढावा हे कळत नव्हतं. “आमी काय आज बोलायलाव का? माजी सासू बोलायची, तिची सासू बोलायची. इतकी वर्सं कुणी काय म्हणलं न्हाई.”

“म्हणणार कोण, काकी?” अक्काचा आवाज जराही चढला नव्हता. “ज्याला लागायचं, तो दाराभाईर हुबा असायचा.”

काकी उठून आत गेली. मी अक्काला खुणेनं म्हटलं, चला, निघू. ती मांडी घालून बसली होती ती तशीच बसली. आतून भांड्यांचा आवाज आला. थोड्या वेळानं काकी चहा घेऊन आली. मला हायसं वाटलं. आमच्याकडं चहा आला की भांडण मिटलं असं धरतात.

अक्कानं कप घेतला आणि खाली ठेवला. “चा पिऊन मी जाईन, काकी, आन ती म्हण हितंच ऱ्हाईल. चा नको. आवाज द्या.”

काकीला असं तोंडावर कुणी बोललेलं मी पाहिलं नव्हतं. तिनं तो कप बाजूला सरकवला. मग एकदम म्हणाली, “बरं. लाव ते मशीन.” आणि तिनं तीच म्हण, त्याच तालात, पण आमच्या स्वतःच्या जातीचं नाव घालून म्हटली. सून तोंडाला पदर लावून हसली. मीही हसलो. काकीला वाटलं, फिटंफाट झाली.

अक्का मान हलवत होती. “न्हाई, काकी. जात कुणाचीच न्हाई. तुमची बी न्हाई.”

“आगं, माजी मी बोलायले, तुला काय?”

“नेम म्हंजे नेम.”

“मग राहिलं काय बोलायला?”

“पोट.”

काकी विचारात पडली. मला वाटतं, इतक्या वर्षांत शिवी देण्याआधी विचार करायची पाळी तिच्यावर पहिल्यांदाच आली होती. मग तिनं पदर खोचला. “ढेकर दिलास का टॅक्टर चालू केलास रं? पोट हाय का गावचं गोडाऊन? बुंदीची बादली आली की उघडे डोळे, आन पाण्याचा तांब्या आला की झोपला.” सून एकेक आठवण करून देत होती, नवऱ्याच्या मामाची, गावातल्या कुठल्या दाजीची, आणि काकी त्यावर रचत होती. दिवस कलेपर्यंत पन्नास झाल्या. त्यातली शेवटची आजही बिदरात चालते. “असा पादलास की खळ्यावरली तूर आपोआप उफणून निगाली.” ही ऐकल्यावर अक्का सतरंजीवर आडवी झाली आणि डोळ्यांतलं पाणी पुसत किती तरी वेळ हसत राहिली. गार झालेला चहा मग ती प्यायली.

काकीनं माफी मागितली नाही. निघताना तिनं अक्काला फक्त विचारलं, आज्जा कुठल्या गावचा. अक्कानं गाव सांगितलं. ते तिथून चार कोसांवर होतं. काकीनं तुरीची डाळ पिशवीत बांधून दिली.

परतताना बसमध्ये मी म्हटलं, “अक्का, समद्या परत एकदा ऐकून बगतो मी.”

“ऐकायचं काम आता तुमचं न्हाई, अण्णा.”

लागलं. लागायलाच हवं होतं. सोमवारी तिनं मामांना कानात घालायची वायर दिली. जेवणाच्या सुट्टीत मामा खोक्यावर बसून पन्नासच्या पन्नास ऐकत राहिले, चेहरा कोरा. आम्ही सगळे लांबून बघत होतो. तुरीच्या शिवीला त्यांच्या मिशा हलल्या. त्यांनी वायर काढून परत दिली आणि म्हणाले, “म्हातारी बेस हाय. पाटीव.”

बेंगळुरूला ती एकटीच गेली. तिकडून तिनं व्हिडिओ पाठवला. निळ्या रंगाच्या केसांची एक मुलगी आणि तीन अनोळखी पोरं एका सतरंजीवर बसलीत, पडद्यावर आमची काकी त्यांची लाज काढतेय, आणि एक शब्द न कळता ती चौघं लोळायलीत. कुणीतरी तिला विचारलं, हा आपापल्या घरी बसून इंटरनेटवर खेळता येईल का? ती म्हणाली, “एका सतरंजीवर बसल्याबिगर न्हाई.” बक्षीस मिळालं नाही. पण तिथल्या एका कंपनीनं तिला कामाला बोलावलं. दोन महिन्यांत तिची खोली रिकामी झाली. ती गेली तेव्हा मामांनी तिची ट्रंक स्वतः उचलून बसवर चढवली, दुसऱ्या कुणाला हात लावू दिला नाही.

यंदा वैशाखात खजुरीला माझ्या चुलतभावाचं लग्न झालं. काकीनं सांगून अक्काला पत्रिका पाठवायला लावली होती, पण तिला सुट्टी मिळाली नाही. मांडवात पंगत बसली, विहीणबाई पाटावर बसल्या, बायकांनी काकीला पुढं केलं. काकीनं खाकरून सुरुवात केली, आणि सवयीनं ती जुनी म्हण तिच्या ओठांवर आली. पहिले दोन शब्द मी ऐकले.

काकी थांबली. बायका तिच्या तोंडाकडं बघत होत्या. काकीनं मान वळवून मांडवाच्या तोंडाकडं पाहिलं. तिथं कुणी उभं नव्हतं. ऐकायला अक्काच्या समाजातलं कुणी नव्हतं, अडवायला कुणी नव्हतं.

“थांबा,” काकी म्हणाली. “दुसरं बोलते.”

आणि तिनं तिथल्या तिथं जुळवलं, “इहीणबाई बसल्या जेवाया, वाडपी लागला रडाया.” मांडव हसून फुटला, विहीणबाईसुद्धा हसल्या. मी मात्र उठून मांडवाबाहेर आलो, कारण मला रडू येत होतं आणि लग्नघरात ते बरं दिसत नाही. तिथूनच अक्काला फोन लावला आणि सगळं सांगितलं.

पलीकडून नाक ओढल्याचा आवाज आला. मग म्हणाली, “रेकॉर्ड केलाव का?”

“न्हाई.”

“मग काय करायलाव तितं? जावा आत. काकीला म्हणा, अक्काला तो आवाज पायजे. आन अण्णा,”

“काय?”

“ह्या येळी तुमीच ऐकून पाठवा.”

मी डोळे पुसले आणि आत गेलो.